खाडीकाठच्या सरत्या प्रथांचा माहितीपट: एकट्याने काम करणाऱ्या दिग्दर्शकासाठी कामाची पद्धत

लोप पावत चाललेल्या संस्कृतीवर माहितीपट करायचा म्हटले की ठाणे-नवी मुंबईत राहणाऱ्या नवोदित दिग्दर्शकाची नजर सहसा लडाख, नागालँड किंवा बस्तरकडे वळते. तिथला प्रवासखर्च, भाषेची अडचण आणि परक्या गावात तग धरून राहण्याची जिकीर यांतून बहुतेक वेळा पंधरा दिवसांच्या मुक्कामाचा, पाहुण्याच्या नजरेचा माहितीपट तयार होतो. खरे तर ठाणे स्थानकाच्या पूर्वेला उतरून चेंदणी कोळीवाड्याकडे चालत गेले, किंवा ट्रान्सहार्बरच्या गाडीने घणसोली, रबाळे, ऐरोलीपर्यंत जाऊन इमारतींच्या मागच्या मूळ गावठाणात शिरले, तर एका आयुष्याला पुरेल इतके काम तिथे पडलेले आहे. कोपरीतल्या मीठबंदर रस्त्याच्या नावात बंदर आणि मीठ दोन्ही शिल्लक आहेत. त्या रस्त्याने ज्यांचे मीठ गेले त्यांची नातवंडे आता शेजारच्याच संकुलात राहतात.

पुढे सांगितलेल्या पद्धतीचा पाया एकच आहे. चित्रीकरणाचे वेळापत्रक तिथी, भरती-ओहोटी, मोसम आणि लग्नसराई ठरवतात. दिग्दर्शकाने आपली नोकरी, कमाई, उपकरणे आणि घरच्या जबाबदाऱ्या त्या वेळापत्रकाभोवती बसवायच्या असतात. एकट्याने काम करणाऱ्याकडे पैसा आणि माणसे नसतात, पण त्याच गावात वर्षानुवर्षे परत जाण्याची सोय मात्र असते, आणि मोठ्या निर्मितिसंस्थेला नेमकी तीच परवडत नाही.

विषय: समाज नव्हे, एक प्रथा

"आगरी समाजाची संस्कृती" हा माहितीपटाचा विषय होऊ शकत नाही. अमुक एका गावातल्या लग्नात धवलारीण (लग्नविधींची पारंपरिक गाणी म्हणणारी बाई) जे धवले, म्हणजे ती गाणी, गाते ते, ते गाण्याचे प्रसंग आणि ते शिकण्याची रीत, हा विषय होऊ शकतो. त्याचप्रमाणे खाडीत पाग (हाताने फेकायचे जाळे) टाकून होणारी हाताची मासेमारी, मिठागरावरचा एक मोसम किंवा येऊरच्या पाड्यांवरचे वारली कुटुंबांचे सण हे विषय एकट्या माणसाच्या आवाक्यातले आहेत. विषय जितका लहान, तितकी त्यात शिरायला जागा अधिक मिळते.

येथे एक सावधगिरी बाळगावी. आगरी आणि कोळी हे संख्येने, राजकारणात आणि लोकप्रिय संगीतात भक्कम उभे असलेले समाज आहेत. त्यांना कोणी "लुप्त होणारे" म्हटले तर त्यांना हसू येईल किंवा राग येईल, आणि दोन्ही रास्तच ठरेल. सरत चालली आहे ती एखादी प्रथा, एखादे कौशल्य, एखादा शब्दसंग्रह. प्रस्तावात, भित्तिपत्रकावर आणि गावातल्या पहिल्या बोलण्यातही हा फरक सांभाळावा.

विषय ठरवण्याआधी ती प्रथा अजून चालू आहे की केवळ आठवणीत उरली आहे, याची खात्री करून घ्यावी. चालू प्रथेचा माहितीपट प्रसंगांवर उभा राहतो, तर थांबलेल्या प्रथेचा माहितीपट आठवणींवर, कागदांवर आणि रिकाम्या जागांवर. ज्या गावच्या मिठागरावर आज वसाहत उभी आहे, त्या गावात मिठाचा मोसम चित्रित करता येणार नाही. तिथे म्हाताऱ्या माणसांचे हात कसे हलत हे त्यांच्याच अंगणात पाहावे लागेल. दोन्ही प्रकार चांगले आहेत, मात्र एकाची तयारी करून दुसऱ्याच्या मागे धावू नये.

वाचन आधी उरकावे. १८८२ साली प्रसिद्ध झालेल्या मुंबई इलाख्याच्या गॅझेटियरच्या ठाणे खंडात मिठागरे, मासेमारी आणि इथल्या जातीजमाती यांची तपशीलवार वर्णने आहेत. ती उपयोगी आहेत, पण ती सरकारी साहेबाने वरून पाहून लिहिलेली आहेत. त्यातला माणसांच्या स्वभावाविषयीचा भाग वाचून सोडून द्यावा आणि कामाच्या पद्धतीविषयीचा भाग टिपून ठेवावा. १८९३ साली स्थापन झालेले ठाण्याचे मराठी ग्रंथ संग्रहालय हे वाचनासाठी बसण्याचे हक्काचे ठिकाण आहे.

बदल कशामुळे झाला, हेही तारखांसह माहीत हवे. ठाणे-बेलापूर पट्ट्यात १९६०च्या दशकापासून कारखाने आले. १७ मार्च १९७० रोजी सिडकोची स्थापना झाली आणि ठाणे, पनवेल व उरण तालुक्यांतल्या ९५ गावांच्या जमिनी नव्या शहरासाठी संपादनाखाली आल्या. भूमिपुत्रांच्या आंदोलनात १६ व १७ जानेवारी १९८४ रोजी जासई-दास्तान परिसरात झालेल्या गोळीबारात पाच जण हुतात्मा झाले, आणि दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालच्या त्या लढ्यातून साडेबारा टक्के विकसित भूखंडाची योजना पुढे आली. पुढे विमानतळासाठी उलवे, तरघर, कोंबडभुजे, वाघिवली अशी दहा गावे हलली. हे माहीत नसलेला दिग्दर्शक एखाद्या आजीला "तुम्ही शेती का सोडली?" असे विचारून बसतो, आणि तिथेच त्याचे काम संपते.

पंचांग, भरती आणि लग्नसराई

विषय ठरल्यावर पहिली खरेदी कॅमेऱ्याची नसावी. भिंतीवरची तिथीची दिनदर्शिका आणणे अधिक गरजेचे आहे. तिच्यावर वर्षभराचे प्रसंग आधी लिहून काढावेत: श्रावणातली नारळी पौर्णिमा, भाद्रपदातल्या गौरी, फाल्गुनातला शिमगा, चैत्र-वैशाखातल्या गावदेवीच्या जत्रा, आणि चैत्र शुद्ध सप्तमीची कार्ल्याच्या एकवीरा देवीची पालखी, जिच्यासाठी खाडीकाठचे कित्येक कोळीवाडे आणि आगरी गावे रिकामी होतात. त्या दिवशी गावात चित्रीकरण ठेवले तर बंद घरांचे चित्रण मिळेल.

खाडीवर काम करणाऱ्याला भरतीचा हिशेब तोंडी यायला हवा. जुन्या मच्छीमारांचा ठोकताळा असा आहे की तिथीचा आकडा घेऊन त्याची पाऊणपट करावी, म्हणजे पूर्ण भरतीची वेळ मिळते. चतुर्थीला चार गुणिले पाऊण म्हणजे तीन वाजता भरती, अष्टमीला सहा वाजता, आणि पौर्णिमेला किंवा अमावास्येला सव्वाअकराच्या सुमारास. भरती दिवसातून दोनदा येते आणि साधारण सहा तासांनी ओहोटी लागते. पौर्णिमा-अमावास्येच्या आसपास उधाणाचे पाणी असते. अष्टमीच्या आसपास भांगेचे पाणी असते आणि त्याची चढ-उतार कमी असते. हा ठोकताळा समुद्रकाठचा आहे. खाडीत जितके आत ठाण्याकडे जावे तितके पाणी उशिरा पोहोचते, म्हणून छापील भरती-तक्त्याशी ताडून पाहून गावातल्या माणसालाही विचारावे. चित्रीकरणाच्या दृष्टीने याचा अर्थ इतकाच की "रविवारी सकाळी सातला येतो" असा निरोप देणे निरर्थक आहे. त्या रविवारी सातला खाडीत गुडघाभर चिखल असेल की होडी लागेल इतके पाणी, हे तिथी ठरवते.

मिठागराचे वर्ष याहून वेगळे आहे. पावसाळा संपल्यावर बांध आणि कुंड्या (पाणी साठवायचे वाफे) नीट केल्या जातात, भरतीचे पाणी आत घेऊन ते एका कुंडीतून दुसऱ्या कुंडीत फिरवत उन्हाने घट्ट केले जाते, आणि शेवटच्या उथळ कुंड्यांमध्ये मीठ पिकते. खरा हंगाम हिवाळ्याच्या उत्तरार्धापासून पहिल्या पावसापर्यंत. ज्याला मिठाची पूर्ण प्रक्रिया दाखवायची आहे त्याने केवळ पांढऱ्या राशींच्या मे महिन्यात जाऊ नये. पांढऱ्या राशी सगळेच टिपतात. दिवाळीनंतरचे चिखलाचे काम फारसे कोणी टिपत नाही, आणि कौशल्य त्या चिखलात आहे.

धवल्यांचे वेळापत्रक लग्नाच्या मुहूर्तांवर चालते. येथे एकट्या दिग्दर्शकासमोर एक विचित्र पेच उभा राहतो. ठाणे-नवी मुंबईत स्वतंत्रपणे काम करणाऱ्या अनेक कॅमेरावाल्यांची वर्षाची कमाई लग्नांच्या चित्रीकरणातून येते, आणि ज्या मुहूर्तांवर धवला गायला जातो त्याच मुहूर्तांवर गिऱ्हाइकाचे लग्न असते. यावर उपाय म्हणजे हंगामाच्या सुरुवातीलाच धवलारणीकडून तिने स्वीकारलेल्या लग्नांच्या तारखा विचारून घेऊन त्यांतल्या थोड्याच तारखा स्वतःच्या धंद्यासाठी बंद ठेवणे. सगळ्या तारखा सोडल्या तर घर चालत नाही. एकही सोडली नाही तर माहितीपट होत नाही.

पावसाळा हा मुलाखतींचा काळ मानावा. मासेमारीबंदीच्या दिवसांत कोळीवाड्यात जाळी विणणे, दुरुस्त करणे चालते, पुरुषमंडळी घरी असतात आणि बोलायला सवड असते. पत्र्यावरचा पाऊस आवाजात शिरतो, म्हणून बोलण्यासाठी स्लॅबचे घर शोधावे, किंवा पावसासह बोलणे घ्यायचे असे ठरवूनच बसावे.

गावात शिरताना

पहिल्या काही भेटींत कॅमेरा घरी ठेवावा. गावकीतल्या ज्येष्ठांना भेटून काय करायचे आहे, कोणासाठी आणि तयार झाल्यावर ते कुठे दाखवले जाईल, हे सरळ सांगावे. गावकीची संमती म्हणजे प्रत्येक घराची संमती नव्हे, आणि एखाद्या घराने बोलावले म्हणून गावकीला वगळूनही चालत नाही. दोन्ही पायऱ्या चढाव्या लागतात. ओळख करून देणारा माणूस कोणत्या भावकीचा, कोणत्या पक्षाचा आहे, हे लवकर कळून घ्यावे, कारण गावाच्या दृष्टीने आपण त्याचे पाहुणे ठरतो.

वयाने मोठ्या बाईला आजी, मावशी किंवा आत्या म्हणावे, पुरुषाला दादा, काका, आणि समोरचा आपल्याला "तू" म्हणाला तर तो आपलेपणाचा भाग समजावा. प्रमाण भाषेत प्रश्न विचारला की उत्तरही ताठर, शाळेतल्यासारखे येते, असा अनुभव या पट्ट्यात सर्रास येतो. आपल्याला आगरी किंवा कोळी बोली येत नसेल तर तिची नक्कल करू नये, पण समोरच्याने तिच्यातच बोलावे असे आवर्जून सांगावे, आणि शक्य असल्यास त्याच घरातल्या नातवाला किंवा सुनेला प्रश्न विचारायला बसवावे. आजी नातीला जे सांगते ते कॅमेऱ्यामागच्या अनोळखी माणसाला सांगत नाही.

संमतीपत्र मराठीत, एका पानाचे असावे, मोठ्याने वाचून दाखवावे आणि त्याच वेळी कॅमेऱ्यावर तोंडी संमतीही नोंदवावी. त्यात चित्रपट महोत्सवात, इंटरनेटवर आणि संग्रहात ठेवण्यासाठी अशी वेगवेगळी परवानगी मागावी. एका सहीने सर्व हक्क घेण्याची पद्धत सोयीची असली तरी ती पदरी घालून घेऊ नये. अंतिम संकलन होईपर्यंत आपला भाग काढून टाकण्याचा हक्क त्या व्यक्तीला लेखी द्यावा. कायद्याची बाजूही लक्षात असू द्यावी: १९५७च्या कॉपीराइट कायद्यानुसार गाणारी व्यक्ती ही "कलावंत" आहे आणि तिच्या सादरीकरणावर तिचा हक्क ५० वर्षे असतो. चित्रपटात ते सादरीकरण वापरण्यास तिने लेखी संमती दिली की निर्मात्याला अडवता येत नाही, पण व्यावसायिक वापर झाल्यास तिचा मानधनातला वाटा कायम राहतो. धवलारणीला ही गोष्ट बहुधा कोणी सांगितलेली नसते, आपण सांगावी.

काही धवले विधीचाच भाग असतात आणि लग्नाबाहेर ते म्हणावेत की नाही याबद्दल गाणाऱ्या बाईचे स्वतःचे मत असते. "एकदा म्हणून दाखवा ना" असा आग्रह धरण्याआधी, प्रसंगाविना हे म्हटलेले चालेल का, असे विचारावे. नकार मिळाला तर तो स्वीकारावा, आणि जमल्यास नकाराचे कारण चित्रित करावे. पुष्कळदा तेच माहितीपटातले सर्वांत सांगण्यासारखे बोलणे ठरते.

जमिनीच्या गोष्टींबाबत विशेष जपावे. वारसांचे वाद, भूखंडाचे व्यवहार आणि न्यायालयातली प्रकरणे यांवर कोणी मोकळेपणाने बोलले, तरी ते बोलणे उद्या त्याच्याविरुद्ध वापरले जाऊ शकते. असा भाग त्या व्यक्तीला पुन्हा दाखवल्याशिवाय माहितीपटात घेऊ नये.

आवाज

लग्नातल्या हळदीच्या रात्री काय परिस्थिती असते, हे या पट्ट्यातल्या वाचकाला सांगायला नको. अंगणात डीजेच्या भिंती, त्यापुढे नाचणारी शंभर माणसे, आणि मांडवाच्या एका कोपऱ्यात धवलारीण व तिला साथ देणाऱ्या बायका. डीजेला शत्रू मानून त्याच्याविरुद्ध माहितीपट करण्याचा मोह टाळावा. ती गाणीही याच लोकांनी घडवली आहेत आणि धवलारीण स्वतःही त्यांवर नाचून आलेली असते. मात्र ध्वनिमुद्रणाचा प्रश्न राहतो, आणि त्याचे उत्तर तीन टप्प्यांत शोधावे.

पहिला टप्पा घरच्यांशी बोलण्याचा. विधी चालू असताना दहा मिनिटे आवाज कमी करता येईल का, हे लग्नघरच्या कर्त्या माणसाला आदल्या दिवशी विचारावे; ऐन वेळी डीजेवाल्याला विचारल्याने भांडण होते. दुसरा टप्पा उपकरणांचा. धवलारणीला कॉलर माईक लावून त्याचा लहान रेकॉर्डर तिच्या कमरेला खोचावा, आणि साथीच्या बायकांसाठी दुसरा माईक त्यांच्या मधोमध, शक्य तितका जवळ ठेवावा. लांबून रोखलेला गन माईक अशा गोंगाटात फारसा कामाचा नसतो. आवाज एकदम वाढला तरी न फाटणारा ३२ बिट फ्लोटचा रेकॉर्डर मिळाला तर भाड्याने आणावा. नसल्यास ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट ठेवून पातळी मुद्दाम कमी धरावी. तिसरा टप्पा लग्नानंतरचा: धवलारीण तयार असेल तर दुसऱ्या एका दुपारी, शांत खोलीत, साथीच्या बायकांसह तेच धवले पूर्ण म्हणवून घ्यावेत. माहितीपटात लग्नाचा गोंगाटी आवाज वापरावा, संग्रहात दोन्ही ठेवावेत.

मागे वाजणाऱ्या ध्वनिमुद्रित गाण्यांचा आणखी एक त्रास असतो. ती कोणाच्या तरी मालकीची असतात, आणि माहितीपट इंटरनेटवर टाकला की तीन सेकंदांच्या तुकड्यासाठीही हक्काचा दावा येतो. म्हणून डीजे वाजत असतानाचे लांबलचक प्रसंग केवळ आवाजाच्या भरवशावर रचू नयेत.

प्रत्येक जागेचा मोकळा, कोणी बोलत नसतानाचा आवाज एक-दोन मिनिटे स्वतंत्र घ्यावा. खाडीवरच्या वाऱ्यासाठी माईकवर केसाळ आवरण अनिवार्य आहे. खाडीपुलावरची लोकल, आणि २५ डिसेंबर २०२५ पासून नवी मुंबई विमानतळावर उड्डाणे सुरू झाल्यापासून उलवे-पनवेल बाजूला डोक्यावरून जाणारी विमाने, हे आवाज गाळण्याची खटपट करू नये. ते त्या गावाचे आजचे आवाज आहेत.

कॅमेरा

याविषयी इंटरनेटवर भरपूर लिहिलेले आहे, म्हणून येथे मोजकेच. भारतात विजेची वारंवारता ५० हर्ट्झ असल्याने सेकंदाला २५ फ्रेम आणि १/५० सेकंदाचे शटर ठेवावे, म्हणजे मांडवातल्या दिव्यांची लुकलुक चित्रात येत नाही. १०० मेगाबिट प्रतिसेकंद या वेगाने तासाला सुमारे ४५ गिगाबाइट साठा लागतो. लग्नाच्या एका रात्रीचा हिशेब त्यावरून करावा. मिठागरावरून किंवा खाडीवरून आल्यावर कॅमेरा व ट्रायपॉड ओलसर फडक्याने पुसून मग कोरडे करावेत, कारण खारा ओलावा स्क्रूपर्यंत पोहोचतो. पावसाळ्यात भिंगांवर बुरशी धरते. हवाबंद डब्यात सिलिका जेल ठेवून ते दर महिन्याला बदलावे किंवा तापवून घ्यावे. एक कॅमेरा, एक रुंद आणि एक मध्यम भिंग यांवर संपूर्ण माहितीपट होतो. पैसे उरले तर माईकवर घालावेत.

सरकारी परवानग्या

येऊरचे पाडे संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाच्या हद्दीत येतात, त्यामुळे तिथे वनविभागाची परवानगी लागते. पाड्यावरच्या कुटुंबाने बोलावले एवढे पुरत नाही. ठाणे खाडीचा फ्लेमिंगो अभयारण्याचा भाग २०१५ साली घोषित झाला आणि २०२२ साली त्याला रामसर स्थळाचा (आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागेचा) दर्जा मिळाला. तिथे तसेच कांदळवनात चित्रीकरण करायचे तर वनविभागाच्या कांदळवन कक्षाकडे अर्ज करावा. ऐरोलीच्या जैवविविधता केंद्रातून होणारी बोटफेरी ही पर्यटनाची सोय आहे, चित्रीकरणाचा परवाना नव्हे.

ड्रोनविषयी माझे मत स्पष्ट आहे: या पट्ट्यात त्याच्या नादी लागू नये. २०२१च्या ड्रोन नियमांनुसार २५० ग्रॅमपर्यंतच्या ड्रोनला काही सवलती असल्या तरी निषिद्ध क्षेत्र सर्वांनाच निषिद्ध असते. खाडीपलीकडे ट्रॉम्बेचे भाभा अणुसंशोधन केंद्र, उरणला नौदलाचे तळ आणि बंदर, मध्ये विमानतळ, अशी स्थिती असताना नकाशा पाहिल्याशिवाय काहीही उडवणे म्हणजे अटकेला आमंत्रण. शिवाय आकाशातून दिसणाऱ्या खाडीने मिठाचे किंवा धवल्याचे काहीच कळत नाही.

चित्रपटगृहात तिकीट लावून दाखवायचे असेल तर सेन्सॉर मंडळाचे प्रमाणपत्र लागते. महोत्सवांना माहिती व प्रसारण मंत्रालयाकडून सूट मिळवता येते आणि ती बहुधा आयोजकच मिळवतात.

पैसा

आरंभीच्या काळात अनुदानावर विसंबू नये. बेंगळुरूची इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्स ही संस्था संशोधन आणि कलाप्रकल्पांना दीर्घकाळ अनुदान देत आली आहे आणि अर्ज भारतीय भाषांतही स्वीकारते. मात्र अर्जासोबत वर्षभराचे प्राथमिक काम दाखवता आले तर बोलण्याला वजन येते. मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव हा १९९० पासूनचा, खास माहितीपट, लघुपट आणि ॲनिमेशनचा महोत्सव आपल्या दाराशी आहे. तिथे प्रेक्षक म्हणून बसून कोणते माहितीपट कसे उभे राहतात हे पाहणे फुकटचे शिक्षण आहे.

खर्चाच्या यादीत नवशिक्या दिग्दर्शकाच्या हातून सुटणाऱ्या बाबी म्हणजे हार्ड डिस्क, बोलीचे शब्दांकन करणाऱ्याचे मानधन, सबटायटल आणि गावात माहितीपट दाखवण्याच्या खेळाचा खर्च. गाणाऱ्याला, कारागिराला, दिवसाची मजुरी सोडून आपल्यासोबत थांबणाऱ्याला पैसे द्यावेत आणि ते आधी ठरवून द्यावेत. मत किंवा साक्ष सांगणाऱ्याला मात्र पैसे देऊ नयेत, कारण मग तो आपल्याला हवे ते सांगू लागतो. कोणाच्या घरी रिकाम्या हाताने जाऊ नये, हे वेगळे सांगायला नको.

नोंदी आणि संकलन

चित्रीकरणाच्या रात्रीच साठ्याच्या दोन प्रती कराव्यात आणि तिसरी प्रत दुसऱ्या घरात ठेवावी. प्रत्येक फाइलीसोबत तारीख, तिथी, गाव, प्रसंग, बोलणारी व्यक्ती, उपस्थित मंडळी आणि मिळालेल्या परवानगीची मर्यादा एवढी नोंद हवीच. हे काम दोन दिवस पुढे ढकलले की कोणती आजी कोणाची चुलती होती हे विसरायला होते. बोलण्याचे शब्दांकन बोलीत जसे उच्चारले तसे करावे. लिहिणाऱ्याने नकळत "नाय"चे "नाही" केले तर संग्रहाचे मोल तेवढे उतरते.

संकलनात धवल्याचे तुकडे करून त्यावर मुलाखत चढवण्याचा मोह होतो. निदान एक धवला सुरुवातीपासून शेवटपर्यंत, मध्ये न बोलता राहू द्यावा. प्रेक्षकाला कंटाळा येईल ही भीती बहुतेक वेळा दिग्दर्शकाची असते, प्रेक्षकाची नसते. करुण सतारीचे पार्श्वसंगीत टाळावे. प्रमाण भाषेतला, सर्वज्ञ निवेदकाचा आवाजही शक्यतो नको. माहिती द्यायची असल्यास ती पाटीवर लिहावी.

थांबलेले काम पुन्हा करून दाखवायला सांगावे का, हा जुना वाद आहे. १९२२ साली रॉबर्ट फ्लॅहर्टी यांनी "नानूक ऑफ द नॉर्थ"मध्ये बंदूक वापरणाऱ्या इनुइट शिकाऱ्यांना जुन्या भाल्याने शिकार करायला लावले आणि प्रेक्षकांना ते आजचे जीवन म्हणून दाखवले. पुनर्रचना करण्यात गैर काही नाही. बंद पडलेल्या मिठागरावर राहिलेल्या माणसाने अंगणात फळी ओढून दाखवली तर ती सोन्यासारखी नोंद आहे. तो आज हे आमच्या विनंतीवरून करून दाखवत आहे, एवढे पडद्यावर लिहावे, किंवा त्यालाच म्हणू द्यावे.

सबटायटलच्या दोन प्रती कराव्यात. महोत्सवासाठी इंग्रजी, आणि मराठीभाषक शहरी प्रेक्षकांसाठी जिथे बोली खरोखर अवघड आहे तेवढ्याच जागी मराठी. गावात दाखवायच्या प्रतीत आजीच्या बोलण्याखाली प्रमाण मराठी उमटली तर तो तिचा अपमान वाटतो.

गावाकडे परत

पहिला खेळ गावातच व्हावा, आणि तो अंतिम संकलनाच्या आधी व्हावा. देवळाचे पटांगण, शाळेचा हॉल, एक प्रोजेक्टर आणि पांढरी चादर एवढे पुरते. जत्रेच्या किंवा क्रिकेट सामन्यांच्या रात्री मात्र ठेवू नये. लोक नावे दुरुस्त करतील, नातेसंबंध दुरुस्त करतील, विधीचा क्रम चुकला असल्यास सांगतील. त्याच्या नोंदी घेण्यासाठी एक माणूस बसवावा, कारण दिग्दर्शक स्वतः त्या वेळी ऐकण्याच्या मनःस्थितीत नसतो. बायकांसाठी दुपारचा वेगळा खेळ ठेवल्यास ज्या गोष्टी रात्री चौकात बोलल्या जात नाहीत त्या कळतात.

प्रती देताना हार्ड डिस्क देऊ नये, ती कोणी उघडत नाही. मोबाईलवर चालेल अशा लहान फाइली पेन ड्राइव्हमध्ये घालून द्याव्यात, आणि प्रत्येक धवला स्वतंत्र ध्वनिफाइल म्हणून धवलारणीच्या घरी, तिच्या शिष्या म्हणवणाऱ्या सुना-मुलींकडे पोहोचवावा. शिकायला माहितीपटापेक्षा ती फाइल अधिक उपयोगी पडते.

न वापरलेले चित्रण हा खरा ठेवा आहे आणि तो कपाटात ठेवण्याची वस्तू नव्हे. अमेरिकन इन्स्टिट्यूट ऑफ इंडियन स्टडीजचा, १९८२ साली स्थापन झालेला संगीत व मौखिक परंपरांचा संग्रह आता गुरुग्राम येथे आहे, आणि अशा संग्रहांत ठेव ठेवणारा कोणी काय ऐकावे याच्या अटी घालू शकतो. अटी ठरवताना धवलारणीलाच विचारावे: कोणते धवले कोणीही ऐकलेले चालतील, कोणते फक्त गावातल्यांनी. घरी ठेवलेल्या डिस्क वर्षातून एकदा चालवून पाहाव्यात आणि दर पाच वर्षांनी साठा नव्या डिस्कवर हलवावा. सर्वांत शेवटी एक पान लिहून ते संमतीपत्रांसोबत जोडावे: दिग्दर्शकाच्या पश्चात या साठ्याबाबत निर्णय कोण घेईल, गाणारीच्या पश्चात तिच्या वतीने कोण बोलेल, आणि दोघांत मतभेद झाल्यास शब्द कोणाचा चालेल. त्या पानावर दोन्ही घरांतल्या पुढच्या पिढीच्या एकेका माणसाची सही घ्यावी आणि एक प्रत गावातच ठेवावी.